भीमथडीचे तट्टू आणि उसातला बिबट्या : मराठी प्राणिविषयक ग्रंथांचा एक विचार

भीमा आणि मुळा-मुठा या नद्यांच्या मधल्या पट्ट्यात दौंड तालुक्यातील राहू हे गाव वसले आहे. या परिसराला 'राहू बेट' असेच म्हणतात. भीमा ओलांडली की शिरूर तालुका लागतो. ऊस आणि गुऱ्हाळे ही या मुलखाची आजची ओळख. मराठी भाषेच्या स्मरणातली त्याची ओळख मात्र निराळी आहे. भीमेच्या काठचा प्रदेश तो भीमथडी. इंग्रजी अमदानीत या नावाचा तालुकाही होता. आणि भीमथडी म्हटले की प्रथम आठवते ते तट्टू. राजा बढे यांच्या 'जय जय महाराष्ट्र माझा' या गीताने भीमथडीच्या तट्टांना थेट यमुनेच्या पाण्यापर्यंत नेले आणि २०२३ साली ते गीत महाराष्ट्राचे राज्यगीत झाले. ज्या तट्टाचे नाव शाळाशाळांतून गायिले जाते, त्याची स्वतंत्र अश्वजात म्हणून नोंद कर्नाल येथील राष्ट्रीय पशु आनुवंशिक संसाधन ब्यूरोने केली ती जानेवारी २०२४ मध्ये. देशातील नोंदणीकृत अश्वजातींत ती आठवी. गीतातला घोडा आणि गोठ्यातला घोडा यांच्यातील हे अंतर केवळ प्रशासकीय दिरंगाईचे नाही; त्याची मुळे मराठी ग्रंथव्यवहारातही आहेत.

राहूसारख्या गावातील एखाद्या विद्यार्थ्याला प्राण्यांची आवड आहे आणि तो मराठीतील प्राणिविषयक पुस्तके मिळवून वाचू लागला, तर त्याच्या शिवारातले प्राणी त्याला त्या पुस्तकांत कुठे आणि कोणत्या रूपात भेटतील? प्रस्तुत लेखात या प्रश्नाच्या अनुषंगाने घोडा, मांजरकुळातील प्राणी आणि माळावरचे वन्यजीव यांच्याविषयीच्या मराठी लेखनाची तपासणी केली आहे. सर्व ग्रंथांची सूची देण्याचा हेतू नाही.

घोड्यापासून आरंभ करणे क्रमप्राप्त आहे, कारण घोड्याविषयीचे लेखन या परंपरेत सर्वांत जुने आहे. शालिहोत्राच्या नावावर चालत आलेले शास्त्र, नकुलाच्या नावाने प्रसिद्ध असलेले 'अश्वचिकित्सित', जयदत्ताचे 'अश्ववैद्यक' हे संस्कृत ग्रंथ म्हणजे या विद्येचा पाया. घोड्याच्या वैद्याला 'सालोत्री' हे नाव शालिहोत्रावरूनच मिळाले. या विद्येत घोडा पाहण्याची एक शिस्त आहे. रंग, उंची, दात, चाल, अंगावरचे भोवरे हे सगळे क्रमाने तपासायचे. कुमैत, अबलख, मुश्की, सब्जा, पंचकल्याणी ही नावे त्या शिस्तीतून आली. कोणता भोवरा शुभ आणि कोणता अशुभ याविषयीची मते आज शास्त्रीय कसोटीला उतरणार नाहीत. परंतु अकलूज, सारंगखेडा किंवा माळेगाव येथील घोड्यांच्या बाजारात देवमण असलेल्या जनावराला आजही गिऱ्हाईक थांबते. लक्षणांवर विश्वास ठेवा अथवा न ठेवा, ती पाहण्यासाठी घोड्याजवळ जावे लागते, त्याच्या अंगावरून हात फिरवावा लागतो. अश्वपरीक्षेच्या परंपरेचे वाङ्मयीन महत्त्व या जवळिकीत आहे.

मराठी गद्यात ही जवळीक सर्वांत ठसठशीतपणे दिसते ती कोणत्याही अश्वशास्त्रात नव्हे, तर राज्यकारभाराच्या कागदांत. कृष्णाजी अनंत सभासदाने सतराव्या शतकाच्या अखेरीस जिंजी येथे लिहिलेल्या बखरीत पागेची व्यवस्था सांगितली आहे. पंचवीस बारगिरांवर एक हवालदार, पाच हवालदारांचा जुमला, ही उतरंड इतिहासाच्या पाठ्यपुस्तकांतून सर्वांना परिचित असते. त्याच प्रकरणात पावसाळी छावणीची तरतूदही आहे आणि तिच्याकडे वाङ्मयाच्या अभ्यासकांचे लक्ष सहसा जात नाही. लष्कर परतण्यापूर्वी घोड्यांसाठी दाणा, औषधे आणि गवताने शाकारलेली घरे तयार असावीत, असा तो कायदा आहे. इथे घोड्याचा गौरव नाही. तो चार महिने कोरडा कसा राहील आणि काय खाईल, एवढाच प्रश्न आहे.

याहून बोलके आहे ते शिवाजी महाराजांचे १६७० च्या दशकातील चिपळूणनजीकच्या पागेवरील अंमलदारांना लिहिलेले पत्र. रयतेच्या भाजीच्या देठालाही धक्का लागू नये या आशयासाठी ते नेहमी उद्धृत केले जाते आणि ते योग्यच आहे. पण पत्र मुळात घोड्यांच्या चाऱ्याविषयी आहे. साठवलेला दाणागोटा आणि गवत आताच मनमानेल तसे उधळले, तर भर पावसात घोडी उपाशी मरतील आणि ती तुम्हीच मारल्यासारखे होईल, हा त्यातील इशारा आहे. पुढे आगीची भीती येते. कोणी निष्काळजीपणे चुली पेटवील, कोणी तंबाखूचा विस्तव ठेवील, कोणी रात्री दिवा जळता ठेवील, मग उंदीर पेटती वात ओढून नेईल आणि गवताच्या गंजीसह पागा खाक होईल. उंदराच्या तोंडातली वात दिसावी इतक्या बारकाईने लिहिलेला हा मजकूर आहे. प्राणिप्रेमाचा एकही शब्द त्यात नाही. तरीही मराठीतील प्राणिविषयक गद्याचा इतिहास लिहायचा झाल्यास या पत्राला अग्रस्थान द्यावे लागेल. आस्था व्यक्त करण्यासाठी भावनेचे शब्द लागतातच असे नाही. दाण्याचा हिशेबही पुरतो.

पुढच्या काळात या परंपरेचे काय झाले? पोवाड्यांत आणि बखरींत घोडा राहिला, पण स्वाराच्या मांडीखाली. विसाव्या शतकातील ऐतिहासिक कादंबरीत तो आणखी शोभिवंत झाला. खिंकाळतो, टापा वाजवतो, धन्यासाठी प्राण देतो, पण त्याला भूक लागत नाही आणि त्याचे खूर झिजत नाहीत. रणजित देसाई यांच्या 'स्वामी' व 'श्रीमान योगी' या कादंबऱ्यांनी वाचकांच्या मनात घोडदौडीची जी चित्रे रुजवली, ती स्वाराची चित्रे आहेत. भीमथडीचे तट्टू बुटके, काटक, थोड्या चाऱ्यावर निभावणारे. लढाया संपल्यानंतर ते मेंढपाळांच्या बिऱ्हाडामागे सामान वाहत राहिले. धनगरांच्या वाड्यांबरोबर आजही त्याचा प्रवास चालतो. कोंबड्या, करडे, भांडीकुंडी आणि लहान मूल पाठीवर घेऊन सडकेच्या कडेने चाललेले ते तट्टू कादंबरीच्या मुखपृष्ठावर शोभणारे नव्हे. येथे विचारात घेतलेल्या पुस्तकांत त्याला जागा मिळालेली नाही ती बहुधा यामुळेच.

इंग्रजीत ॲना स्यूएल यांनी १८७७ मध्ये 'ब्लॅक ब्यूटी' लिहिले ते नेमके या ओझ्याच्या घोड्याविषयी. कथा घोडाच सांगतो. बग्गीच्या घोड्याची मान उंच ताणून धरणाऱ्या लगामाच्या क्रूर प्रथेविरुद्ध त्या पुस्तकाने लोकमत तयार केले. मराठीत असा घोडा बोलला नाही. त्याच्याविषयी बोलणारे शब्द मात्र भाषेत भरपूर उरले.

या शब्दांकडे जरा थांबून पाहणे उपयुक्त ठरेल. 'खोगीरभरती' हा मराठी समीक्षेचा लाडका शब्द. सुमार कवितासंग्रहाविषयी तो हमखास वापरला जातो. खोगिरात कोंबण्याच्या चिंध्याचुंध्या हा त्याचा मूळ अर्थ वापरणाऱ्याला आठवतोच असे नाही. घोड्याच्या तोंडाला बांधायच्या दाण्याच्या पिशवीवरून 'तोबरा भरणे' आले. मागचे पाय बांधायच्या दोरीवरून 'पायबंद घालणे' आले. 'एकांडा शिलेदार' स्वतःच्या घोड्यानिशी चाकरीला येणाऱ्या स्वाराचा. 'घोडे पेंड खाते' आणि 'घोडामैदान जवळ आहे' यांना तर स्पष्टीकरणाची गरजच नाही. रघुनाथपंतांच्या 'राज्यव्यवहारकोशा'त चतुरंगवर्ग आहे; फार्सी सैन्यशब्दांना संस्कृत पर्याय देण्याचा तो प्रयत्न. व्यवहारात पागेतले फार्सी शब्दच टिकले आणि मोल्सवर्थने आपल्या कोशात ते मूळ अर्थासह टिपून ठेवले. त्यांतला प्रस्तुत विवेचनाच्या दृष्टीने कळीचा शब्द 'जेरबंद'. घोड्याच्या तोंडाकडून पुढच्या पायांमधून तंगाकडे जाणारा, त्याला मान वर झटकू न देणारा पट्टा म्हणजे जेरबंद. आज हा शब्द घोड्याविषयी क्वचितच वापरला जातो. तो वर्तमानपत्रांत आहे, रोज आहे, आणि तेथे त्याचे कर्म बहुतेक वेळा चोर तरी असतो किंवा बिबट्या तरी.

पागेतला शब्द उसातल्या प्राण्यापर्यंत कसा पोहोचला, हे समजून घेण्यासाठी मराठीतील वन्यजीवविषयक लेखनाकडे वळावे लागते.

या लेखनाचा विचार व्यंकटेश माडगूळकर आणि मारुती चितमपल्ली या दोन नावांभोवती फिरतो. माडगूळकर माणदेशातले, म्हणजे माळाचेच लेखक. 'बनगरवाडी' (१९५५) मध्ये मेंढ्या आणि माणसे एकाच दुष्काळात होरपळतात. तेथे प्राणी पार्श्वभूमीला नाहीत, गावाच्या जगण्याचा तो कणाच आहे. परंतु वन्यप्राण्यांविषयी स्वतंत्रपणे लिहावयाचे ठरले तेव्हा माडगूळकरांना माणदेश सोडून नागझिऱ्याला, त्या वेळच्या भंडारा जिल्ह्यातील अरण्यात, जावेसे वाटले. 'नागझिरा' हे पुस्तक मराठी वाचकाला रानात गप्प बसायला शिकवणारे आहे, त्याचे मोल वादातीत आहे. 'सत्तांतर' (१९८२) या वानरटोळीच्या कादंबरीला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. टोळी जिंकणारा नवा नर आधीच्या नराची पिल्ले मारतो, हे वास्तव सारा हर्डी यांनी अबूच्या वानरांवरील १९७७ च्या ग्रंथात शास्त्रीयदृष्ट्या मांडले होते. माडगूळकरांनी ते कथनात आणले. समीक्षेने मात्र या कादंबरीला बहुधा राजकीय रूपक म्हणून वाचले. शीर्षकाने तशी सोय करून दिली हे खरे. तरीही वानरांना माणसांचे मुखवटे समजून वाचणे हा त्या वानरांवर आणि लेखकाच्या निरीक्षणावर अन्यायच आहे. वर्गात 'सत्तांतर' शिकवताना प्रथम ती वानरांची गोष्ट म्हणून शिकवावी. रूपक कुठे पळून जात नाही.

चितमपल्ली (१९३२–२०२५) वनाधिकारी होते. 'पक्षी जाय दिगंतरा', 'रानवाटा', 'चकवाचांदण' या पुस्तकांनी आणि 'पक्षिकोशा'ने त्यांनी मराठीला रानाचा शब्दसंग्रह दिला. कावळ्यांच्या वसतीला 'काकागार', बगळ्यांच्या वीणवसतीला 'सारंगागार' असे शब्द त्यांच्या लेखनातून वाचकांपर्यंत पोहोचले. तेराव्या शतकातील हंसदेव या जैन पंडिताचे 'मृगपक्षिशास्त्र' मराठीत आणण्याच्या कामातही त्यांचा वाटा होता. प्राण्यांचे प्रकार, स्वभाव आणि वये सांगणारा हा ग्रंथ अश्वपरीक्षेच्या शिस्तीचाच वन्यप्राण्यांपर्यंत झालेला विस्तार म्हणावा लागेल. चितमपल्ली यांच्यानंतरही दिशा तीच राहिली. किरण पुरंदरे यांचे 'सखा नागझिरा' शीर्षकातच आपले ठिकाण सांगते.

हा ओघ लक्षणीय आहे. मराठी निसर्गलेखन पूर्वेकडे, घनदाट अरण्याकडे गेले. लेखक तेथे पाहुणा म्हणून जातो, मचाणावर बसतो, पाणवठा पाहतो आणि परत येतो. प्राणी तेथले मालक असतात. भीमथडीत असे रान नाही. तेथे होता तो माळ, म्हणजे गवत, काटेरी झुडपे, उघडे आकाश. लांडगा, कोल्हा, खोकड, तरस, चिंकारा हे या माळाचे रहिवासी. चिंकाऱ्यासाठी बारामती तालुक्यात सुप्याजवळ १९९७ मध्ये मयूरेश्वर अभयारण्य झाले. त्याचे क्षेत्र जेमतेम पाच चौरस किलोमीटरांहून थोडे अधिक आहे. लांडग्याला तेवढेही नाही. तो बहुतांशी अभयारण्यांबाहेर, मेंढ्यांच्या कळपांच्या मागोमाग राहतो. सरकारी दप्तरात माळ म्हणजे 'पडीक जमीन', आणि साहित्यात तो दुष्काळाचे प्रतीक. त्यावर कोणी राहते, ही गोष्ट दोन्हीकडे सारखीच नजरेआड झाली.

मांजरकुळाविषयी मराठीत जे लेखन आहे त्यात विलास मनोहर यांचे 'नेगल' वेगळे उठून दिसते. भामरागडच्या परिसरातील हेमलकसा येथे प्रकाश आमटे यांच्या घरी वाढलेल्या बिबट्याचे नाव पुस्तकाला दिले आहे. माणसाच्या अंगाखांद्यावर खेळणाऱ्या बिबट्याचे हे चित्र हृद्य आहे, परंतु ते अपवादात्मक घराचे चित्र आहे आणि लेखकाने तसे ते ठेवले आहे. पाळीव मांजराच्या वाट्याला आले ते बालगीत किंवा विनोद. पु. ल. देशपांडे यांच्या 'पाळीव प्राणी' या लेखात थट्टा प्राण्यांची कमी आणि पाळणाऱ्यांची अधिक आहे, हे त्या लेखाचे शहाणपण. रानमांजर आणि वाघाटी यांच्याकडे ललित लेखनाचे लक्ष गेले नाही. वाघाटी ही जगातील सर्वांत लहान मांजरांपैकी एक. वजनाने दीड किलोच्या आसपास. पुणे जिल्ह्यात ऊसतोडीच्या वेळी तिची पिल्ले सापडतात आणि बिबट्याची समजून गावभर आरडाओरड होते. आषाढी द्वादशीला जिची भाजी करतात ती वाघाटी घराघरांत ठाऊक असते. त्याच नावाचे मांजर शेतात राहते हे ऐकून विद्यार्थी चकित होतात.

आता उसातल्या बिबट्याकडे. जुन्नर, आंबेगाव, खेड, शिरूर आणि त्यामागोमाग दौंड या तालुक्यांत कालव्याच्या आणि नदीच्या पाण्यावर ऊस वाढला. वर्ष-दीड वर्ष उभे राहणारे हे पीक बिबट्याला आडोसा देते. गावातली कुत्री, मांजरे, शेळ्या त्याला भक्ष्य पुरवतात. नगर जिल्ह्यातील अकोले परिसरात विद्या अत्रेय आणि सहकाऱ्यांनी स्वयंचलित कॅमेऱ्यांच्या साहाय्याने केलेला अभ्यास २०१३ मध्ये प्रसिद्ध झाला. रान नसलेल्या, दाट वस्तीच्या त्या शेतीप्रदेशात शंभर चौरस किलोमीटरमागे सुमारे पाच प्रौढ बिबटे आढळले. त्यांच्या आहारात कुत्र्यांचा वाटा सर्वांत मोठा होता. म्हणजे हा प्राणी जंगलातून 'भरकटून' आलेला नाही; तो उसात जन्मला आणि उसातच पिल्ले घालतो. जुन्नर परिसरात २००१ नंतर पकडलेले बिबटे दूर नेऊन सोडण्यात आले, तेव्हा सोडलेल्या ठिकाणांजवळ माणसांवरील हल्ले वाढले, असेही याच संशोधकांनी दाखवून दिले आहे.

या वस्तुस्थितीला मराठीत शब्द कोणते मिळाले? 'धुमाकूळ', 'दहशत', 'हैदोस', 'नरभक्षक', आणि शेवटी 'जेरबंद'. काही शब्द शिकारकथांतून आले, काही पोलिसी बातम्यांतून. शिकारकथेचा वाघ माणसाच्या मुलखात शिरलेला परका असतो. त्याला मारल्यावर कथा संपते. अरण्यलेखनाचा वाघ आपल्या मुलखातला राजा असतो; त्याला पाहिल्यावर कथा संपते. राहूच्या शिवारात सोमवारी दिसलेला बिबट्या मंगळवारीही तेथेच असतो आणि रात्रीच्या विजेवर पिकाला पाणी धरायला शेतकऱ्याला जावेच लागते. ही न संपणारी गोष्ट सांगण्याचा आकृतिबंध मराठीतील या दोन्ही परंपरांकडे नाही. गोठ्याला दार बसवणे, लहान मुलांना अंधारात एकटे न सोडणे, घराभोवतीचा ऊस थोडा मागे घेणे हा त्या गोष्टीचा तपशील आहे. तो सभासदाच्या छावणीच्या तपशिलाला अधिक जवळचा आहे आणि 'नागझिरा'च्या पाणवठ्याला कमी.

येथे प्राणिप्रेमी वाचकाच्या अपेक्षेलाही मर्यादा घालावी लागते. २०२५ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये शिरूर तालुक्यातील पिंपरखेड परिसरात बिबट्याच्या हल्ल्यांत माणसे दगावली; मृतांत मुले होती. ज्या घरात असा मृत्यू झाला त्या घरासमोर बिबट्याच्या डौलाचे वर्णन वाचून दाखवता येणार नाही, आणि जे लेखन तेथे वाचता येत नाही ते भीमथडीचे प्राणिलेखन होऊ शकत नाही. उलट, केवळ त्या मृत्यूंचाच हिशेब ठेवणारे लेखन गेल्या दोन दशकांत शेजारी राहूनही कोणालाही न शिवलेल्या असंख्य बिबट्यांविषयी गप्प राहते. या दोन्ही गोष्टी एकाच वाक्यात पेलणारी भाषा घडवणे अवघड आहे. खंडोबाच्या परंपरेत तिचे काही दुवे सापडतात. राहूहून फार दूर नसलेल्या जेजुरीत देव घोड्यावर आहे, त्याच्यासोबत कुत्रा आहे आणि त्याचा भक्त 'वाघ्या' म्हणवतो. घोडा, कुत्रा, वाघ या तिघांना एकत्र ठेवणारी ती कल्पना मेंढपाळांच्या जगातून आली. त्या जगात तिन्ही प्राण्यांशी रोजचा संबंध होता आणि तिसऱ्याची भीतीही होती.

पदव्युत्तर अभ्यासक्रमात 'निसर्गलेखन' या घटकाखाली आज प्रामुख्याने अरण्यविषयक पुस्तके येतात. त्यांच्या जोडीला चिपळूणच्या पागेचे पत्र आणि सभासदाचा छावणीचा मजकूर ठेवला, तर या घटकाची व्याप्ती बदलेल. क्षेत्रकार्यासाठी तर राहू, पारगाव, न्हावरे यांसारख्या गावांतील विद्यार्थ्यांना घराबाहेर फार दूर जावे लागणार नाही. वाड्यांवरच्या धनगरांकडे तट्टाच्या चालीचे, खोडीचे, ओझे बांधण्याच्या रीतीचे शब्द अजून आहेत. ऊसतोड मजुरांकडे फडात पिल्ले सापडल्यावर काय करतात याची माहिती आहे. कोयते थांबतात. वनखात्याची माणसे येतात. पिल्ले तपासून, सापडली त्याच जागी संध्याकाळी क्रेटमध्ये ठेवली जातात, माणसे लांब सरतात, आणि पुष्कळदा पहाटेच्या आत मादी येऊन त्यांना एकेक करून मानेला धरून उचलून नेते. या उचलून नेण्याला त्या फडावर काय म्हणतात, हे अद्याप कोणत्याही मराठी कोशात नोंदवून घ्यायचे आहे.